मारणारा शब्द आणि थांबणारा शब्द

शब्द उच्चारताच समोरचे जग बदलावे, ही माणसाची फार जुनी इच्छा आहे. शाप, वर आणि मंत्र यांच्या मुळाशी तीच आहे. डेव्हिड लिंच यांच्या 'ड्यून' (१९८४) या चित्रपटाने या इच्छेला यंत्राचे रूप दिले. प्रदर्शित झाला त्या वेळी बहुतेक समीक्षकांनी हा चित्रपट झोडपून काढला होता. डेनी व्हिलनव्ह यांचे २०२१ आणि २०२४ मधील नवे 'ड्यून' चित्रपट पाहून आलेल्या आमच्या धर्मग्रामातील तरुणांशी चर्चा झाली आणि त्या निमित्ताने आम्ही जुना चित्रपट व फ्रँक हर्बर्ट यांची मूळ कादंबरी (१९६५) पुन्हा हाती घेतली. मनात राहिले ते एवढेसे यंत्र.

चित्रपटात त्याचे नाव 'वियर्डिंग मॉड्यूल'. एक भाग गळ्याशी, दुसरा हातात. योद्धा विशिष्ट ध्वनी उच्चारतो आणि यंत्र त्या ध्वनीचे संहारक शक्तीत रूपांतर करते. वाळवंटी अराकिस ग्रहावरील फ्रेमेन लोकांना तरुण पॉल अट्रायडीज ही विद्या शिकवतो, तो प्रसंग लक्षात राहण्याजोगा आहे. समोर कठीण पाषाणाचा स्तंभ उभा आहे. लाथेने तो हलत नाही, ओरडण्याने त्याला तडा जात नाही. मग पॉल यंत्रासह एक ध्वनी काढतो आणि स्तंभाच्या ठिकऱ्या उडतात.

हे यंत्र कादंबरीत नाही. ती सर्वस्वी चित्रपटाची भर आहे. हर्बर्ट यांच्या कादंबरीत 'व्हॉइस' आहे, म्हणजे हुकमी स्वर. बेने गेसेरिट या भगिनीसंघातील स्त्रिया समोरच्या माणसाचा स्वभाव ओळखून आपला स्वर असा घडवतात की, ऐकणारा विचार करण्यापूर्वीच आज्ञा पाळून मोकळा होतो. वरवर पाहता दोन्ही कल्पना एकच वाटतात. तशा त्या नाहीत. पॉल आणि त्याची आई जेसिका शत्रूच्या हाती सापडतात, तेव्हा त्यांच्यावर नेमलेल्या पहारेकऱ्यांत एक बहिरा असतो. हुकमी स्वरावर शत्रूने शोधलेला हा उतारा! ज्याला ऐकू येत नाही त्याच्यावर तो स्वर चालत नाही, कारण त्याला ऐकणारा माणूस लागतो. वाईट हेतूने का होईना, त्या माणसाला आधी ओळखावे लागते. लिंच यांच्या यंत्राला ऐकणाऱ्याची गरजच उरत नाही. दगड असो वा माणूस, त्याच्या दृष्टीने दोन्ही सारखेच.

आमच्या मते या बदलाचे मोल चित्रपटाला द्यावे लागले आहे. यातील पात्रे आपले विचार स्वतःशीच कुजबुजत राहतात. परस्परांशी त्यांचा संवाद क्वचितच होतो. एकीकडे न संपणारे स्वगत, दुसरीकडे स्फोट घडवणारा ध्वनी. मधली बोलण्या-ऐकण्याची जागा रिकामीच राहते.

तरीही लिंच यांच्या प्रतिभेची साक्ष देणारा एक क्षण याच यंत्रातून जन्मतो. फ्रेमेनांमध्ये पॉलने 'मुआद'दीब' हे नाव स्वीकारले आहे. वाळवंटात तग धरून राहणाऱ्या एका लहानशा उंदराचे ते नाव. सरावाच्या वेळी एक योद्धा ते उच्चारतो आणि यंत्रातून स्फोट होतो. आपले नावच मारणारा शब्द झाले आहे, हे पॉलला उमगते. पुढाऱ्याचे नाव प्रथम प्रेमाने घेतले जाते, मग त्याची घोषणा होते आणि शेवटी त्या घोषणेखाली माणसे मारली जातात, हा इतिहास या एका दृश्यात सामावला आहे. हर्बर्ट यांना सांगायचे होते तेही हेच. 'ड्यून मेसाया' (१९६९) या पुढील कादंबरीत पॉलच्या नावाने पेटलेल्या धर्मयुद्धातील बळींची संख्या ६,१०० कोटी आहे आणि पॉल स्वतः ती मोजून दाखवतो. लिंच यांचा चित्रपट मात्र हाती आलेला हा धागा सोडून देतो. शेवटी यंत्राविनाच पॉलच्या आवाजाने जमीन दुभंगते, कोरड्या ग्रहावर पाऊस कोसळतो आणि जे भयावह वाटायला हवे होते त्याचा जयजयकार होतो. व्हिलनव्ह यांनी यंत्र गाळले, हुकमी स्वर ठेवला आणि २०२४ च्या चित्रपटाच्या अखेरीस चानीला त्या जयजयकाराकडे पाठ फिरवून चालू लागलेली दाखवले. हा शेवट आम्हाला अधिक प्रामाणिक वाटतो.

शब्दाने सृष्टी घडते, ही तर आपलीच श्रद्धा. मग या यंत्राहून आपला शब्द वेगळा कसा? नाझरेथच्या घरात देवदूत निरोप सांगतो आणि उत्तरासाठी थांबतो. बाराव्या शतकातील संत बर्नार्ड यांनी आपल्या प्रवचनात नेमक्या या थांबण्यावर चिंतन केले आहे: एका मुलीच्या होकारासाठी अवघी सृष्टी ताटकळली आहे. सर्वसमर्थ असूनही तो शब्द ऐकणाऱ्याला डावलून पुढे जात नाही.

ही समीक्षा लिहिताना आम्हाला आमचाच एक रविवार आठवतो. बऱ्याच वर्षांपूर्वी, कर्ज काढून थाटात केलेल्या एका लग्नावर आम्ही प्रवचनात कोरडे ओढले. नाव घेतले नाही. पण ते कोणाविषयी होते हे देवळातील प्रत्येकाने ओळखले. आमचे म्हणणे खोटे नव्हते. पण त्या घरी जाऊन दोन शब्द ऐकून घेण्याची तसदी आम्ही घेतली नव्हती. पुढे कित्येक महिने ते कुटुंब शेजारच्या धर्मग्रामात मिस्साला जात राहिले. नंतर आम्ही घरी गेलो तेव्हा म्हाताऱ्या आजीबाई एवढेच म्हणाल्या, "फादर, त्या दिवशी तुम्ही बोललात, आम्हाला कुठे बोलता आलं?"

त्या दिवशी आमच्यापुढे ध्वनिक्षेपक होता. लिंच यांच्या यंत्राचे आम्हाला फारसे नवल वाटले नाही, ते यामुळेच. तरुणांनी दोन्ही चित्रपट अवश्य पाहावेत. पाहताना शब्दाची ताकद किती याबरोबरच, तो उच्चारल्यावर बोलणारा उत्तरासाठी थांबला का, हेही विचारावे. प्रवचनपीठावर चढताना आम्हीही हल्ली स्वतःला हेच विचारतो.