कॅमेरा कुठं होता?

माझा पहिला सिनॉप्सिस एका वाक्यावरून परत आला होता. मी लिहिलं होतं, जॉन ह्यूस्टनचा ‘द बॅटल ऑफ सॅन पिएत्रो’ (१९४५) हा माहितीपट म्हणजे इटलीतल्या डोंगरी लढाईची प्रत्यक्ष नोंद. मार्गदर्शकांनी समासात एवढंच लिहिलं: कॅमेरा कुठं होता?

मुखेडला घरी बसून फिल्म परत लावली. अर्ध्या तासाची तर आहे. काही दृश्यांत सैनिक चढावरून आपल्याच दिशेनं येतात. म्हणजे कॅमेरावाला त्यांच्या पुढं, जर्मनांच्या बाजूला उभा! भर गोळीबारात तिथं कोण उभं राहील? तोफगोळा फुटला की चित्र हादरतं आणि आपण लगेच विश्वास ठेवतो. मीपण ठेवला. लढाई झाली डिसेंबर १९४३ मध्ये. बरीचशी दृश्यं त्यानंतर त्याच डिव्हिजनच्या सैनिकांना घेऊन चित्रित केली, हे पीटर मास्लोव्स्की यांनी १९९३ च्या पुस्तकात लष्करी कागदपत्रांवरून दाखवलंय.

मग फिल्म खोटी म्हणून टाकून द्यायची? मला नाही पटत. चढ खरा आहे, मृतदेह खरे आहेत, उद्ध्वस्त गावात परतणारी माणसं खरी आहेत. खोटं असेल तर ते ‘हे आत्ता घडतंय’ असं भासवणं. त्याआधी १९१६ मध्ये लुका कोमेरिओनं आदामेल्लोच्या बर्फात, ३००० मीटरवर, इटालियन सैनिकांचं चित्रण केलं. ती फिल्म बघताना पण हाच प्रश्न सोबत ठेवा.

आता आपल्याकडं या. त्याच इटलीत, तिबेर नदीच्या वरच्या खोऱ्यात, १० जुलै १९४४ ला मराठा लाइट इन्फंट्रीचे नाईक यशवंत घाडगे एकटेच मशीनगनवर धावून गेले. मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. त्यांचा पराक्रम आपण वाचतो तो मानपत्रात. तेच मानपत्र सांगतं की त्यांच्या सेक्शनमधले बाकी सगळे मेले किंवा जखमी झाले होते. मग पाहिलं कुणी, लिहून कुणी घेतलं? हे विचारलं म्हणजे शौर्यावर शंका घेतली असं नाही बरं का. मानपत्रालासुद्धा कुठंतरी ‘कॅमेरा’ असतोच.

सिनॉप्सिसमध्ये मी ‘प्रत्यक्ष नोंद’ खोडून ‘लढाईनंतर पुन्हा उभी केलेली लढाई’ असं लिहिलं. या वेळी समासात नवा प्रश्न आला: कुणासाठी? त्या प्रकरणावर सध्या काम चालू आहे.