रुग्णांविना रुग्णालय : एका गाजलेल्या प्रहसनाविषयी मतभेद

‘येस मिनिस्टर’ या ब्रिटिश विनोदी मालिकेची ओळख सरकारी कचेऱ्यांत आयुष्य घालविलेल्या वाचकांना निराळी करून द्यावी लागू नये. अँटनी जे आणि जोनाथन लिन यांनी लिहिलेली ही मालिका बीबीसीवरून १९८० मध्ये सुरू झाली. फारुख शेख यांच्या ‘जी मंत्रीजी’ या तिच्या हिंदी अवतारामुळे २००१ मध्ये तिचा परिचय आपल्याकडे अधिक विस्तारला. तिच्यातील सर्वोत्कृष्ट भाग कोणता असे विचारले, तर पुष्कळ रसिक ‘द कम्पॅशनेट सोसायटी’ या १९८१ च्या भागाकडे बोट दाखवितात. या निवडीशी सहमत होणे मला अवघड वाटते.

कथानक थोडक्यात असे. लंडनमधील सेंट एडवर्ड्स या नव्या रुग्णालयात पाचशे प्रशासकीय व साहाय्यक कर्मचारी नेमलेले आहेत. मात्र डॉक्टर नाहीत, परिचारिका नाहीत आणि रुग्ण तर एकही नाही. मंत्री जिम हॅकर संतापतो. सर हम्फ्री अ‍ॅपलबी मात्र शांतपणे सांगतात, की हे देशातील अत्यंत सुव्यवस्थित रुग्णालयांपैकी एक असून स्वच्छतेच्या पारितोषिकासाठीही त्याचे नाव पुढे आलेले आहे. या युक्तिवादाची मांडणी अप्रतिम आहे, यात शंका नाही. नायजेल हॉथॉर्न यांचा आवाज एका वाक्यातून दुसऱ्या वाक्यात असा घरंगळत जातो, की ऐकणाऱ्याचा विवेक क्षणभर झोपी जावा. या भूमिकेसाठी त्यांना चार वेळा बाफ्ता पारितोषिक मिळाले, ते योग्यच झाले.

परंतु विनोदाचे मोल केवळ संवादांच्या चमकेवर ठरत नाही. तो कोणाच्या अंगावर येतो, हेही पाहावे लागते. या भागात तो कोणाच्याच अंगावर येत नाही. रुग्ण नसणे ही येथे थट्टेची कल्पना आहे आणि तीच लेखकांची सोयही आहे. उपचारांवाचून राहिलेला माणूस रंगमंचावर आलाच नाही, तर हम्फ्रीच्या तर्काला उत्तर देणारे उरते कोण? उरतो हॅकर, आणि त्याची दृष्टी उद्याच्या वृत्तपत्रावर खिळलेली. त्या वर्षी ब्रिटनमध्ये लाखो लोकांची नावे प्रतीक्षायाद्यांत पडून होती. त्या यादीतील एखादी म्हातारी बाई सेंट एडवर्ड्सच्या चकचकीत दरवाजापाशी येऊन चौकशी करती, तर हम्फ्रीची तीच वाक्ये तितकीच चतुर वाटली असती. मात्र आपले हसू घशात अडकले असते. विनोदाने रडावे अशी ही अपेक्षा नव्हे. हम्फ्रीला तोलाचा विरोधक मिळावा, एवढीच आहे.

अशी रुग्णालये प्रत्यक्षात होती, असे या भागाचे चाहते आवर्जून सांगतात. असतील, पण वस्तुस्थितीचा दाखला कलाकृतीतील उणीव भरून काढीत नाही. उलट, ती खरी असतील तर त्यांच्या बाहेर थांबलेली माणसेही खरीच होती. ज्यांनी आपल्याकडील जिल्हा रुग्णालयांच्या व्हरांड्यात जमिनीवर अंथरलेल्या चादरी पाहिल्या आहेत, त्यांना तर हा विनोद काहीसा दूरदेशीचा वाटला पाहिजे. तरी आपलेच अधिकारी बांधव तो सर्वांत मोठ्याने वाखाणतात! कारण उघड आहे. तो पाहताना आपल्या टेबलावर पडून राहिलेला कोणाचाही अर्ज आठवत नाही. कचेरीची थट्टा होते, कचेरीबाहेरची रांग मात्र दिसत नाही. मार्गारेट थॅचर यांना ही मालिका इतकी आवडे, की १९८४ मध्ये त्यांनी स्वतः तिच्या दोन्ही नटांसह एक लहानसे प्रहसन सादर केले. सत्ताधीशाला ज्याच्यात उभे राहून टाळ्या घेता येतात, त्या उपहासाची धार एकदा तपासून पाहावी.

हाच संच अधिक खोल जाऊ शकतो, हे १९८२ च्या ‘द व्हिस्की प्रीस्ट’ या भागात दिसते. ब्रिटिश शस्त्रे इटलीतील दहशतवाद्यांच्या हाती पडत आहेत, हे हॅकरला कळते. तो तळमळतो आणि अखेरीस आपले पद सांभाळून गप्प बसतो. तेथे हम्फ्री नीतीचा प्रश्नच शांतपणे बाजूला सारतो, आणि शेजारी उभा असलेला तरुण बर्नार्ड आपणही एके दिवशी असेच होणार काय, असे विचारतो. त्या प्रश्नाने पाहणारा अधिकारी खुर्चीत चुळबुळतो. तेथेही मरणारी माणसे दिसत नाहीत. पण त्यांचे ओझे एकाच्या तरी चेहऱ्यावर उमटते. लोकप्रियतेत मात्र हा भाग मागे पडतो.

‘करुणाशील समाज’ असे नाव धारण करणाऱ्या भागाचा शेवट तर फारच हलका आहे. कामगार संघटनेचा पुढारी संपाची धमकी देतो. त्याचे पात्र म्हणजे निव्वळ अर्कचित्र, त्याविषयी अधिक न लिहिलेले बरे. मग क्यूबाहून आलेल्या निर्वासितांची बातमी येते आणि हॅकरला कल्पना सुचते, की त्यांना याच इमारतीत ठेवावे. खाटा भरतात, मंत्र्याची अब्रू राहते, नोकऱ्याही राहतात. परागंदा होऊन आलेली ती हजारभर माणसे लेखकांना गाठ सोडविण्यापुरतीच हवी होती. आणि ज्या रोग्यांसाठी ते रुग्णालय बांधले, ते पूर्वीप्रमाणेच दुसरीकडे कोठेतरी आपली पाळी येण्याची वाट पाहत राहिले.