काळाचा डायल आणि तारप्याचा फेर

एच. जी. वेल्सच्या 'द टाइम मशीन'मध्ये (१८९५) काळ मोजायला यंत्रावर डायल आहेत. एक दिवस मोजतो, दुसरा हजारो दिवस, तिसरा दशलक्षावधी, चौथा अब्जावधी. कोड लिहिणाऱ्या माणसाला ही रचना लगेच आवडते. प्रवासी ८,०२,७०१ या वर्षात उतरलाय, हेही डायलवरूनच कळतं.

पण तिथे काय झालंय, हे डायल सांगत नाही. वर उजेडात एलॉय, खाली अंधारात यंत्रं चालवणारे मॉरलॉक. माणसांची ही फाळणी प्रवाशाला कळते ती भटकून, घाबरून, चुकीचे अंदाज बांधून. कादंबरीची ताकद तिथे आहे. यंत्र म्हणजे फक्त तिकीट.

डहाणूत काळाचं चित्र म्हणून हमखास दाखवला जातो तो तारप्याचा फेर. जिव्या सोमा म्हसे यांच्यासारख्या चित्रकारांनी वारली चित्रं जगभर नेली. मध्ये तारपा वाजवणारा, भोवती एकमेकांना धरून उलगडत जाणारी रांग. खाली ओळ ठरलेली: आदिवासींचा काळ गोल असतो. मला ही ओळ वेल्सच्या डायलइतकीच आंधळी वाटते. ज्याचा काळ गोल, त्याला इतिहास नाही, असं ती हळूच सुचवते.

जरा तलासरीकडे बघा. गोदावरी परुळेकरांच्या 'जेव्हा माणूस जागा होतो'मध्ये लग्नगडी भेटतात. लग्नासाठी कर्ज काढलं आणि ते फेडायला सावकाराकडे राबत राहिले. त्यांचे दिवस मोजता येतील, पण ते त्यांचे नव्हतेच. काळाला मालक असतो, हे ना डायल दाखवतो, ना ती गोल ओळ. १९४५ मध्ये वारल्यांनी वेठ नाकारली, मजुरीचा दर मागितला. म्हणजे स्वतःचे दिवसच परत मागितले. १० ऑक्टोबरला तलवाड्यात गोळीबार झाला, पाच जण गेले. ही तारीख कुठल्याही फेरात विरघळत नाही.

म्हणून फेर टाकाऊ ठरत नाही. त्यात तारप्याचा सूर बदलला की पावलं बदलतात. चित्रातल्या रांगेचं बाहेरचं टोक मोकळं असतं. नीट पाहिलं तर तो गोल नाहीच.

उद्या कुणी काळाचा नकाशा काढणारं यंत्र कथेत आणलं, तर मी आधी एकच बघेन: कुणाचा वेळ कुणाच्या ताब्यात आहे, हे ते दाखवतं का? लग्नगड्याच्या वेठीशी आपली बरोबरी होऊच शकत नाही. पण रात्री अकराला ऑफिसचा मेसेज वाजतो, तेव्हा हा प्रश्न आपल्याही खिशात असतो.