लापुटाचे संगीत आणि सुतळीवरचे अर्ज

‘गलिव्हर्स ट्रॅव्हल्स’ म्हटले की आपल्या मुलांच्या डोळ्यांपुढे लिलिपुटचे बुटके उभे राहतात. डब्लिनच्या सेंट पॅट्रिक कॅथीड्रलचा डीन, अँग्लिकन धर्मसेवक जोनाथन स्विफ्ट याचे हे पुस्तक १७२६ साली प्रसिद्ध झाले. त्याच्या तिसऱ्या भागाकडे मात्र आपण सहसा वळत नाही. त्या भागातील लापुटा नावाचे तरंगते बेट आणि तेथे ऐकू येणारा गूढ नाद यांचा येथे विचार करावयाचा आहे.

लापुटा हे सुमारे साडेचार मैल व्यासाचे वर्तुळाकार बेट. आपल्या गर्भातील प्रचंड लोहचुंबकाच्या बळावर ते आकाशात विहरते. तेथील राजा व दरबारी गणित आणि संगीत यांत आकंठ बुडालेले. एके सकाळी सारा दरबार वाद्ये घेऊन सलग तीन तास वाजवीत राहतो. गलिव्हरचे कान किटून जातात. मग त्याचा शिक्षक खुलासा करतो की, ठराविक काळी ग्रहगोलांचे संगीत सुरू होते, बेटवासीयांचे कान ते ऐकण्यास सरावलेले आहेत आणि दरबार त्याला साथ देत होता.

ही कल्पना मूळची पायथागोरसच्या अनुयायांची. ॲरिस्टॉटलने ती खोडून काढली. पण त्यांचा युक्तिवादही नोंदवून ठेवला. तो नाद जन्मापासून कानी असल्यामुळेच जाणवत नाही, जसा तांबटाला हातोड्याचा आवाज जाणवत नाही. सोलापूरच्या पूर्व भागातील वाचकांस हा दाखला समजावून सांगावयास नको. यंत्रमागाच्या खडखडाटात वाढलेले मूल दचकते ते माग बंद पडल्यावर! पुढे बोएथियसने संगीताचे तीन प्रकार मानले : विश्वाचे, मानवाचे आणि वाद्यांचे. मानवी संगीत म्हणजे देह व आत्मा यांचा मेळ.

समीक्षक या भागाकडे बहुधा रॉयल सोसायटीच्या विद्वानांची टवाळी म्हणून पाहतात. ते खरे आहे, पण अपुरे आहे. बोएथियसची मांडणी ध्यानात घेतली म्हणजे स्विफ्टचा रोख स्पष्ट होतो. लापुटात विश्वसंगीत आहे, वाद्यसंगीत आहे. मधले मानवी संगीत तेवढे हरपले आहे. समोरचा माणूस बोलतो आहे हे ध्यानी यावे म्हणून या थोरांच्या कानावर खडे वा वाटाणे भरलेला फुगा हळूच मारणारे सेवक ठेवावे लागतात. खालच्या प्रजेचे अर्ज घेण्यासाठी बेटावरून वजन बांधलेल्या सुतळ्या सोडल्या जातात आणि पतंगाच्या दोरीला अडकवलेल्या चिठ्ठीप्रमाणे ते अर्ज वर चढतात. त्या अर्जांत काय लिहिले होते? स्विफ्ट एक ओळही देत नाही. आयर्लंडच्या जनतेची कैफियत ‘ड्रेपियर्स लेटर्स’मध्ये इतक्या धारदारपणे मांडणाऱ्या लेखकाचे हे मौन मला खटकते. लिंडालिनो नगराने बंड करून राजाला नमविल्याचा मजकूर त्याने लिहिला होता. पण तो छापून येण्यास १८९९ साल उजाडले.

आकाशातील नाद आपल्या अनुभवाचा नाही. जमिनीखालचा मात्र आहे. १९९२ साली किल्लारी परिसरात धक्के बसत होते, भूगर्भातून गूढ आवाज येत होते. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे, गणेशविसर्जनाच्या रात्रीनंतर, भूकंपाने हजारो जीव घेतले. उथळ भूकंपाची जलद कंपने हवेत शिरली की ती ऐकू येतात, असे शास्त्र सांगते. अशा प्रत्येक आवाजामागून महाभूकंप येतोच असे नाही आणि त्याचे भाकीत आजही कोणास करता येत नाही. परंतु तेथे माणसे दगावली ती मुख्यतः मातीत रचलेल्या जड दगडी भिंतींखाली, आणि त्या भिंती सर्वांना दिसत होत्या. आवाजाचे गूढ उकलण्याची वाट न पाहताही घराविषयी चौकशी करता येते. लापुटाच्या दरबारास नेमके हेच सुचत नाही. नाद कोठून येतो हे त्याला ठाऊक असते. त्याच्या बेटाच्या सावलीत कोण राहतो, हे नसते.

म्हणून वाचकांस विनंती अशी की, मुलांच्या हाती हे पुस्तक देताना दोन भागांवर थांबलेली बालआवृत्ती देऊ नये. तिसरा भाग लिंडालिनोच्या मजकुरासह असलेला पाहून घ्यावा, तो घरात मोठ्याने वाचावा आणि सुतळीवरच्या त्या अर्जांत काय लिहिले असेल, ते मुलांनाच विचारावे.