नागलोकातील माग

महाभारताच्या आदिपर्वातील पौष्यपर्व बव्हंशी गद्यात आहे, आणि बहुधा त्यामुळेच वाचक ते घाईने उलटून पुढील आख्यानांकडे वळतात. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने डॉ. सुखठणकर यांच्या संपादकत्वाखाली १९३३ साली आदिपर्वाची जी चिकित्सित आवृत्ती पूर्ण केली, तिच्या तिसऱ्या अध्यायात हा भाग आपली जागा राखून आहे. तेव्हा मागाहून लावलेले ठिगळ म्हणून तो बाजूस सारणे सोपे नाही. आम्हांस या भागातील दोन विणकरणींविषयी चार शब्द लिहावयाचे आहेत. मुळात त्यांच्या वाट्यास एक वाक्य व स्तुतीतील काही ओळी एवढेच आले आहे.

उत्तंक हा वेदऋषींचा शिष्य. गुरुपत्नीने दक्षिणा म्हणून पौष्य राजाच्या राणीची कुंडले मागितली, व चौथ्या दिवशीच्या व्रतास ती हवीत असे बजावले. कुंडले मिळाली, पण वाटेत क्षपणकाच्या वेषाने आलेल्या तक्षकाने ती पळविली. इंद्राच्या वज्राच्या साह्याने उत्तंक बिळातून नागलोकी उतरतो. नागांची स्तुती करूनही कुंडले मिळत नाहीत, तोच त्यास दिसते ते हे दृश्य : दोन स्त्रिया मागावर काळ्या व पांढऱ्या धाग्यांचे वस्त्र विणीत आहेत, आणि शेजारी बारा आऱ्यांचे चक्र सहा कुमार फिरवीत आहेत. परतल्यावर गुरू उलगडा करितात की, स्त्रिया या धाता व विधाता, धागे हे रात्र व दिवस, कुमार हे ऋतू आणि चक्र हे संवत्सर.

हे रूपक आहे असे म्हणून बहुतेक टीकाकार मोकळे होतात. आमच्या मते एवढ्याने भागत नाही. रूपकाचा उलगडा कवीने कुंडले पोचल्यानंतर घातला आहे; पाहताना उत्तंकास, व त्याच्यासंगे आपणांसही, दिसतात त्या केवळ दोन कष्टकरी बाया. त्यांस जन्म नाही, मजुरी नाही, विसावा नाही. त्या मान वर करून पाहुण्याकडे पाहतात असेही कवी सांगत नाही. धाता व विधाता ही पुल्लिंगी नावे स्त्रियांस कशी मिळाली, यावर वैयाकरणांनी खुशाल डोके खाजवावे; ज्या घरांत बाळाच्या ललाटी सटवाई लिहिते अशी श्रद्धा आहे, त्या घरांतील वाचकांस त्यात नवल वाटू नये.

ग्रीकांच्या नियतिदेवताही सूत कातणाऱ्या स्त्रियाच, परंतु तेथे एकेका माणसाचा धागा निराळा, व तो कापणारी तिसरी बहीण हाताशी आहे. होमरची पेनेलोपी दिवसा विणते व रात्री उसविते, आणि तेवढ्याने तीन वर्षे लग्नेच्छूंस थोपवून धरिते. आमच्या या मागाजवळ कात्री नाही आणि उसविणेही नाही. अथर्ववेदातील स्कंभसूक्तातही दोन तरुणी सहा खुंट्यांवरचे वस्त्र विणताना दिसतात, आणि त्यांचेही विणणे संपत नाही. हातमाग जवळून पाहिला असेल त्यास ठाऊक आहे की, विणलेले कापड दांड्यावर गुंडाळले जाते व विणकरासमोर नेहमी हातभरच पट्टी उघडी राहते. उत्तंकाने पाहिली ती तेवढीच पट्टी.

आणि ती पाहून त्याने काय केले? मागाची व चक्राची स्तुती उत्तम केली. तीत तीनशे साठ दिवस व चोवीस पक्ष यांचा हिशेबही चुकला नाही. मग जवळच्या पुरुषाने वर माग म्हणताच त्याने नाग आपल्या वश व्हावेत एवढेच मागितले! घोड्याच्या शरीरातून निघालेल्या ज्वाळांनी व धुराने नागलोक कोंडला, कुंडले परत आली, आणि त्याच घोड्यावर बसून हा गृहस्थ क्षणात गुरुगृही पोचला. गुरुपत्नी स्नान करून केस विंचरीत होती व शाप देण्याच्या बेतात होती. सबंध कालचक्र पाहून आलेल्या माणसाचा जीव एका दिवसाच्या मुदतीत अडकलेला असावा, हा विनोद कवीस कळत नव्हता असे आम्हांस वाटत नाही.

काळाचे स्वरूप कळले म्हणजे माणूस क्षमाशील होतो, अशी आपली एक भाबडी समजूत आहे. पौष्यपर्व तिला दुजोरा देत नाही. गुरूने अर्थ सांगितल्यावर उत्तंक तपास बसत नाही. तो तडक हस्तिनापुरास जातो, आणि परीक्षितास तक्षकाने मारिले याची जनमेजयास आठवण देऊन त्यास सर्पसत्रास प्रवृत्त करितो. स्वतःच्या कुंडलांचा राग तो राजाच्या पितृशोकाच्या पदराआड नेतो. कोणी म्हणेल, तक्षक अपराधीच होता. होता खरा, पण अग्नीत पडलेले सारे नाग काही कुंडले चोरण्यास गेले नव्हते.

याच सर्पसत्रात, विधीच्या मधल्या अवकाशात, वैशंपायनाने जनमेजयास भारत ऐकविले. उत्तंकाने राग गिळला असता, तर कौरव-पांडवांची कथा त्या राजसभेत त्या दिवशी कोणी मागितली नसती.