स्त्रीकथा आणि तिची कथा

आसिम रांदेरींची ‘कंकोत्री’ ज्याला ठाऊक नाही असा सुरतेतला गुजराती माणूस मला अजून भेटायचाय. कंकोत्री म्हणजे लग्नपत्रिका. मनहर उधासांनी ती गायली, त्यामुळे कवीचं नाव माहीत नसलेल्यांनाही ती गुणगुणता येते. गोष्ट एवढीशीच. त्याला वाटत असतं, ती आपल्याला विसरली. मग एक दिवस तिच्याच लग्नाची पत्रिका येते आणि तो म्हणतो, छे, विसरली कुठे! पत्रिकेच्या कागदाचा रंग, तिची शोभा तो न्याहाळत बसतो. आणि मग त्याला दिसतं, की वरचा पत्ता तिनं स्वतःच्या हातानं लिहिलाय.

मला विचाराल तर सगळी कविता त्या पत्त्यात आहे. बाकी सगळं तोच बोलतो. कौतुकही त्याचं, दुःखही त्याचं, समजूतदारपणाही त्याचाच. तिची म्हणावी अशी एकच गोष्ट कवितेत येते, ती म्हणजे ते हस्ताक्षर. आता त्या अक्षराचा अर्थ काय लावायचा? तो अर्थातच आपल्याला हवा तो लावतो. पण ज्यांनी लग्नघरं पाहिलीत त्या बायकांना विचारा. ज्या मुलीचं अक्षर चांगलं तिलाच पत्ते लिहायला बसवतात, मग लग्न तिचं स्वतःचं का असेना! दीडदोनशे लिफाफ्यांतला तो एक असेल. किंवा दीडदोनशे लिफाफे तिनं त्या एकासाठीच अंगावर घेतले असतील. कविता हे सांगत नाही, आणि सांगत नाही म्हणूनच मला ती पुन्हा पुन्हा ऐकावीशी वाटते. रांदेर म्हणजे तापीच्या पलीकडचं गाव, आता शहरातच जमा. आसिम तिथले. जन्म १९०४चा, गेले २००९ साली. एकशे चार वर्षांचं आयुष्य, आणि लोकांच्या तोंडी राहिली ती ‘लीला’. तिच्या नावाचा संग्रहच आहे. लीला खरी होती की नव्हती, ही चौकशी मला रिकामटेकडी वाटते. कवितेत ती किती आहे, एवढंच आपण बघायचं.

प्रेमकविता कशी वाचावी याचं माझं माप हेच. ते मी कुठून घेतलं, तर विद्यापीठातून नाही, घरातून. आमच्याकडे चार विकथा सांगितल्यात, म्हणजे ज्या गोष्टींत साधूनं आणि शक्यतो श्रावकानंही रमू नये अशा चार गप्पा: स्त्रीकथा, भक्तकथा, देशकथा, राजकथा. यातला भक्त म्हणजे भात, जेवणखाण. देवाचा भक्त नव्हे. देशाच्या आणि राजाच्या गप्पा तर आमच्या पुरुषांच्या ओट्यावर रोज रात्री रंगतात. खाण्याच्या गप्पांबद्दल तर सुरतेत बोलायलाच नको, इथे माणूस सकाळी लोचो खातानाच संध्याकाळी काय खायचं ते ठरवतो. त्या तिघींना कुणी अडवत नाही. अडवतात ती चौथीला, आणि तीही एखादी सून कवितेचं पुस्तक घेऊन बसली की. ‘हे सगळं राग वाढवणारं गं,’ असं म्हणतात. राग म्हणजे आसक्ती.

तो नियम मी झटकून टाकत नाही. उलट टीकाकाराच्या हाती इतकं धारदार हत्यार क्वचितच येतं. स्त्रीकथा म्हणजे काय? तिच्याबद्दल चाललेल्या गप्पा. तिचे डोळे, तिची चाल, तिचा वेष, आणि ती स्वतः मात्र खोलीत नाही. आता या व्याख्येनं प्रेमकविता तपासून बघा. निम्म्याहून अधिक कविता स्त्रीकथाच निघतील, छंदातल्या.

मराठीत रोमँटिक कविता आली ती इंग्रजी शाळा-कॉलेजांतून. पॅलग्रेव्हची ‘गोल्डन ट्रेझरी’ १८६१ची, आणि आपल्या कवींच्या दोन-तीन पिढ्या त्या पुस्तकावर वाढल्या. वर्ड्‌स्वर्थची ल्यूसी त्यांनी त्यातच वाचली असणार. या ल्यूसीवर त्यानं पाच कविता लिहिल्या. कविता सुंदर आहेत, यात वाद नाही. पण त्यांत ल्यूसी एक शब्द बोलत नाही. ती झऱ्याकाठी वाढते आणि मरते, मग उरतो तो कवीला पडलेला फरक. कीट्सचं तर आणखी चमत्कारिक. त्यानं फॅनी ब्रॉनला लिहिलेली पत्रं १८७८ साली छापून आली आणि वाचकांनी ठरवून टाकलं, की ही मुलगी उथळ, नखरेल, त्याच्या लायकीची नव्हती. कशावरून? त्याच्याच तगमगीवरून. तिची त्याला आलेली पत्रं उरलेली नाहीत. शेवटची काही तर त्यानं उघडलीही नव्हती, ती त्याच्याबरोबर रोमला पुरली. पुढे १९३०च्या दशकात तिनं कीट्सच्या बहिणीला लिहिलेली पत्रं प्रसिद्ध झाली, तेव्हा लोकांना कळलं, की बाई शहाणी होती, वाचणारी होती, आणि दुःख पचवणारीही. जवळजवळ साठ वर्षं एका बाईची बदनामी झाली, ती फक्त एकाच बाजूची पत्रं छापल्यामुळे.

आपल्याकडे हे वारं सर्वांत जोरात वाहिलं ते पुण्यात, १९२३च्या रविकिरण मंडळात. मंडळात एकच बाई, मनोरमाबाई रानडे. सप्तर्षी आणि अरुंधती असं कौतुकानं म्हणायचे. कौतुक खरं, पण उपमा बघा! अरुंधती तिथे असते ती वसिष्ठांच्या शेजारी, आणि नवरीला बोट करून दाखवायला. मनोरमाबाई १९२६ साली अकालीच गेल्या, आणि मंडळाच्या इतिहासात त्यांच्या वाट्याला बहुधा अर्धं वाक्य येतं.

मंडळाचे सर्वांत मोठे प्रेमकवी माधव जूलियन, म्हणजे माधव त्र्यंबक पटवर्धन. जन्म बडोद्याचा, १८९४चा, म्हणून आम्हा गुजरातेतल्या मराठी माणसांना ते थोडे आपले वाटतात. १९३६ला जळगावच्या साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते, आणि जळगाव म्हणजे आमच्या सुरत-भुसावळ लाइनीवरचं, इथल्या निम्म्या मराठी घरांचं माहेर. फारसीचे प्राध्यापक. फारसी-मराठी कोश त्यांनी केला १९२५ साली. ‘विरहतरंग’ १९२६चं, ‘गज्जलांजलि’ १९३३ची. गझलेची वृत्तं मराठीत पक्क्या पायावर त्यांनी आणली. आज मराठी गझल लिहिणारा प्रत्येक जण त्यांचा देणेकरी आहे, मग तो नाव सुरेश भटांचं घेवो.

असं असूनही ‘गज्जलांजलि’ सलग वाचताना मला दमायला होतं. वृत्त निर्दोष, यमक जागच्या जागी, आर्जव खरं; पण दार वाजवणारा इतका वेळ वाजवतो, की आत कुणी आहे का याचा त्यालाच विसर पडल्यासारखं वाटतं. मला तिची चाहूल येत नाही. लिफाफ्यावरचं ते हस्ताक्षर येत नाही. आणि पुढे याच माणसानं भाषाशुद्धीचं व्रत घेतलं, १९३८ला ‘भाषाशुद्धि-विवेक’ लिहिलं, आणि आपल्याच जुन्या कवितांतले फारसी-अरबी शब्द वेचून काढायला बसला. ज्यानं कोश केला त्यानंच! तत्त्व म्हणून कुणाला पटो न पटो, पण प्रेमाच्या बोलण्यातून परका शब्द काढून टाकायचा म्हणजे, ज्याच्यामुळे ते बोलणं सुरू झालं त्यालाच बाहेर घालवायचं. प्रेमात पडलेला माणूस आधी समोरच्याचे शब्द उचलतो. आमच्या सुरतेतल्या खानदेशी पोरी गुजराती मुलांशी लग्न करतात, तेव्हा पहिल्या महिन्यात त्यांच्या अहिराणीत ‘शूं’ आणि ‘केम’ येऊन बसतात. कुणी शिकवलेलं नसतं.

इथल्या नर्मदचंही नाव घ्यायला हवं, नाहीतर सुरतेत राहून लिहितेस काय, असं कुणी म्हणेल. १८३३चा जन्म, गुजरातीतला पहिला आधुनिक कवी, ‘प्रेमशौर्य’ हे त्याचं ब्रीद. विधवाविवाहावर नुसतं बोलला नाही, स्वतः विधवेशी लग्न केलं, आणि त्या काळात त्याला छातीच लागत होती. फक्त त्या लग्नाच्या वेळी घरात आधीची बायको, डाहीगौरी, नांदत होती. प्रेम आणि शौर्य दोन्ही एकाच शब्दात बसवले, की तिसऱ्या माणसाला जागा उरत नाही ती अशी.

आता दुसऱ्या बाजूला या. ज्या परंपरेनं मला स्त्रीकथा वर्ज्य म्हणून सांगितली, तिनंच गुजरातेतली आद्य विरहकाव्यं लिहिलीत, हे किती जणींना माहीत असतं? विनयचंद्रसूरींची ‘नेमिनाथ चतुष्पदिका’ तेराव्या-चौदाव्या शतकातली. जुन्या गुजरातीतला पहिला बारमासा म्हणून तिचं नाव घेतात. गोष्ट आपल्याला ठाऊकच आहे. नेमिकुमार वरात घेऊन निघतात, मेजवानीसाठी कोंडलेल्या जनावरांचा आकांत ऐकतात आणि रथ मागे वळवतात, तो थेट गिरनारला. मांडवात राहते राजीमती, आमची राजुल. विनयचंद्र कविता नेमिनाथांच्या तोंडी देत नाहीत. ती राजुल आणि तिची सखी या दोघींची आहे. श्रावण लागतो, एकेक महिना उलटतो. सखी म्हणते, अगं सोड त्याचा नाद, वर काय तो एकच आहे? राजुल म्हणते, तसा दुसरा नाही. महिन्यामहिन्याला हा वाद. इथे पाऊस नुसता शोभेला पडत नाही, तो सखीच्या बाजूनं साक्ष द्यायला येतो.

तुम्ही म्हणाल, हेही लिहिलं शेवटी पुरुषानंच, आणि तेही साधूनं. बरोबर आहे. सुरेश भटांचीही काही उत्कट गाणी बाईच्या तोंडची आहेत, आशाबाईंनी-लताबाईंनी गायलेली. बाईचा आवाज लावला, की लगेच ती तिची कथा झाली असं नाही. पुष्कळदा पुरुषाला जे ऐकायचं असतं तेच ती बोलते. म्हणून मी आणखी एक गोष्ट बघते: कवितेतली बाई ‘नाही’ म्हणू शकते का? सखीला, समाजाला, लागलं तर कवीलाही?

राजुल म्हणू शकते. उत्तराध्ययन सूत्राचं बाविसावं अध्ययन काढून बघा. राजीमतीनं दीक्षा घेतली आहे, रैवतकाकडे जाताना पावसात भिजते, एका गुहेत शिरते आणि कपडे सुकवायला काढते. आत नेमिनाथांचा भाऊ रथनेमी ध्यानाला बसलेला. तो तिला बघतो आणि सरळ प्रेमाराधना सुरू करतो. आपण तरुण आहोत, भोग भोगू, धर्म मग बघू, अशा आशयाची. म्हणजे नेमकी ती कविता, जी जगभर कवी लिहीत आलेत! आणि ती घाबरते, थरथरते, अंग झाकून घेते, आणि मग उत्तर देते. ओकलेलं पुन्हा प्यायला निघालेल्याची उपमा देऊन त्याला अशी झापते, की तो जागच्या जागी भानावर येतो. प्रेमाच्या आर्जवाला दिलेलं इतकं सणसणीत उत्तर मी दुसरीकडे वाचलेलं नाही. आमच्याकडे बायका राजुलच्या सज्झाया म्हणताना डोळ्यांना पदर लावतात. लावू देत. पण गुहेतली राजुलही त्यांनी म्हणावी, असं मला फार वाटतं.

या अंगानं बघितलं, तर मराठी माणसाला लांब जायचं कारणच नाही. हाल सातवाहनाच्या नावावरची गाथासप्तशती महाराष्ट्री प्राकृतातली, सातशेच्या घरातल्या छोट्या गाथा, आणि बोलणाऱ्या बहुतेक बायका. सासुरवाशिणी, शेतकरणी, गोदेकाठच्या. कुणी प्रवासी पाहुण्याला आडून सुचवतेय, कुणी नवऱ्यावर रुसलीय, कुणी मैत्रिणीला वेड्यात काढतेय. स. आ. जोगळेकरांनी १९५६ साली ती मराठीत उलगडून ठेवली आहे. त्याच प्राकृताच्या जैन वळणाला जैन महाराष्ट्री म्हणतात. ‘वज्जालग्ग’ हा गाथांचा संग्रह तर जयवल्लभ नावाच्या श्वेतांबर जैनानं केला. त्यात नीतीच्या गाथांशेजारी प्रेमाच्या आणि विरहाच्याही गाथा आहेत, आणि त्या वेचताना त्याला विकथेचा दोष लागला नाही. मा. वा. पटवर्धनांनी तो संपादित केला, १९६९ साली अहमदाबादेहून निघाला. हे पटवर्धन वेगळे बरं, जूलियन नव्हेत.

राहता राहिली बाईनं लिहिलेली प्रेमकविता. तिलाही हेच माप लावायला हवं, नाहीतर तो पक्षपात होईल. इंदिरा संत बेळगावच्या. १९४० साली ‘सहवास’ निघाला, त्यात नवरा-बायको दोघांच्या कविता, ना. मा. संतांच्या आणि त्यांच्या. एकाच पुठ्ठ्यात दोघं बोलतात, असं मराठीत कितीदा घडलंय? १९४६ला संत गेले. मग ‘शेला’, ‘मेंदी’, ‘मृगजळ’. आता तो बोलत नाही, बोलणारच नाही. ल्यूसीसारखाच तोही गेलेला. पण इंदिराबाई त्याच्या गप्प राहण्याचा फायदा घेत नाहीत. त्याच्या तोंडी सोयीचं वाक्य घालत नाहीत. त्याला देव करत नाहीत, आणि आपल्याला पतिव्रताही म्हणवून घेत नाहीत. पाऊस येतो, रात्र येते, घरकाम चालू असतं, आणि त्यात एक जागा रिकामी राहते ती राहतेच. कधी कधी त्या त्याच्यावर चिडल्यासारख्या वाटतात. मेलेल्या माणसावर चिडायला तो आधी खरा असावा लागतो.

‘सहवास’ मिळाला तर आधी तो वाचा, आणि मग ‘शेला’. उलट क्रमानं नको.