प्रेक्षकाचा ‘मी’ : नॉनी दे ला पेन्या यांचे प्रथमपुरुषी माहितीपट

प्रास्ताविक :
साहित्यविचारात प्रथमपुरुषी निवेदन म्हटले की ‘मी’ म्हणून बोलणारा निवेदक अभिप्रेत असतो. माहितीपटातही रॉस मॅकएल्वी यांच्या ‘शर्मन्स मार्च’सारख्या कृतीत कॅमेरा धरणारा दिग्दर्शक हाच ‘मी’ असतो. ‘न्यूजवीक’च्या माजी बातमीदार असलेल्या अमेरिकन निर्मात्या नॉनी दे ला पेन्या यांनी मात्र हे स्थान प्रेक्षकाला दिले. त्यांच्या आभासी वास्तवाच्या माहितीपटांत डोळ्यांवर उपकरण चढविलेला प्रेक्षक घटनास्थळीच उभा असतो. या स्थानांतराने माहितीपटाच्या सत्यतेचे काय होते, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

ध्वनी आणि दृश्य :
‘हंगर इन लॉस एंजेलिस’ ही कृती २०१२ मध्ये सनडान्स महोत्सवात दाखविली गेली. मोफत अन्नवाटपाच्या रांगेत ताटकळणारा एक मधुमेही माणूस रक्तातील साखर उतरल्याने कोसळतो. येथील आवाज प्रत्यक्ष घटनास्थळी ध्वनिमुद्रित केलेले आहेत. माणसे आणि रस्ता मात्र संगणकावर घडविलेले आहेत. तरीही अनेक प्रेक्षक त्या माणसाला सावरण्यासाठी गुडघ्यांवर बसले. भावनिक परिणामाचा हा पुरावा निर्विवाद आहे. परंतु ध्वनी हा दस्तऐवज आणि दृश्य ही पुनर्रचना, हा भेद अनुभवाच्या ओघात पुसला जातो. ‘ऐकले’ एवढेच म्हणण्याचा अधिकार असलेला प्रेक्षक ‘पाहिले’ असे म्हणू लागतो.

बघ्याचे स्थान :
‘यूज ऑफ फोर्स’ (२०१३) ही कृती २०१० मध्ये अमेरिका-मेक्सिको सीमेवर सुरक्षा कर्मचाऱ्यांच्या मारहाणीनंतर झालेल्या एका स्थलांतरिताच्या मृत्यूवर आधारित आहे. प्रत्यक्ष घटनेच्या वेळीही तेथे बघे उपस्थित होते व ते हतबल होते. त्यामुळे प्रेक्षकाला लाभलेले स्थान वास्तवातील एका स्थानाशी जुळते आणि त्याची हतबलता हाच कृतीचा आशय ठरतो. याउलट ‘प्रोजेक्ट सीरिया’ (२०१४) मध्ये अलेप्पोच्या रस्त्यावर मुलगी गात असताना स्फोट होतो. हादरा तीव्र आहे. पण युद्ध कोणाचे व कशासाठी, हे त्या क्षणात मावत नाही. जागतिक आर्थिक मंचाच्या दाव्होस येथील प्रेक्षकांना हा क्षण भोगून बाहेर पडता येत होते. अलेप्पोतील रहिवाशांना ती सोय नव्हती.

समारोप :
सहानुभूती किती जागी झाली, या एकाच मापाने अशा कृतींचे मूल्यमापन करणे अपुरे ठरते. प्रेक्षकाला दिलेले स्थान घटनेत खरोखर कोणाचे होते, हा प्रश्न अधिक मूलगामी आहे. ज्या कृतीत त्याचे उत्तर मिळते, तेथे प्रथमपुरुषी रूप साक्षीची जबाबदारी निर्माण करते. जेथे मिळत नाही, तेथे परदुःखाचा केवळ प्रवास घडतो.